लताबाईचा होकार

रायपूरच्या बूढ़ापाऱ्यात कुणालाही विचारा, अनुश्री बोधनकर काय करते? उत्तर ठरलेलं आहे. "ती? झोपडपट्ट्यांचे सिनेमे काढते." आणि पाठोपाठ एक सुस्कारा, "पोट्टी हुशार होती हो. इंजिनिअर होती." जणू हुशारी आणि इंजिनिअरिंग दोन्ही एकाच दिवशी बूढ़ा तलावात बुडालं. पूर्वी मी यावरून भांडायचो. आता भांडत नाही. अनुश्रीच्या हातून जो एक गुन्हा खरोखर घडला, तो या लोकांना गुन्हा वाटतच नाही, आणि त्यात अर्धा वाटा माझा आहे.

मी नीलेश. तिच्या फिल्म्सचा आवाज मी धरतो. एरवी वर्षभर लग्नं, सभा, गणपती, जिथे माईक लागेल तिथे मी. वडील वर्ध्याहून रेल्वेच्या नोकरीत इथे आले आणि इथलेच झाले. अनुश्रीचं घराणं मात्र भोसल्यांच्या काळापासून रायपुरातलं, आणि ही गोष्ट त्यांच्याकडे गेलेल्या माणसाला चहाच्या आधी कळते. तिचे वडील अनंतराव रेल्वेत गार्ड होते. ते वारले त्याच वर्षी हिने पुण्यातली नोकरी सोडली, कॅमेरा घेतला आणि घरी परत आली. आई, म्हणजे विजयाकाकू, त्या दिवशी फक्त एवढंच म्हणाली, "जेवून घे आधी."

तिच्यासारखं काम करणारं माणूस मी दुसरं पाहिलं नाही. शहराबाहेरच्या उरला औद्योगिक भागातल्या कारखान्यांमागे राखेच्या ढिगांतून लोहचुंबकाने लोखंडाचे तुकडे वेचणाऱ्या बायांवर तिने पहिली फिल्म केली. दोन महिने कॅमेरा पिशवीतून बाहेरच काढला नाही. त्यांच्याबरोबर चुंबक दोरीला बांधून ओढत फिरली, नाकातोंडात काळी राख गेली, खोकत घरी यायची. कुणाच्याही झोपडीत शिरताना चपला बाहेर काढायची, जमीन शेणाची असो की चिखलाची. समोर आलेलं खायची. दिल्लीहून येऊन चार तासांत गरिबी गोळा करून नेणारे लोक मी पाहिलेत, म्हणून सांगतो. हिच्यात ते नव्हतं.

मग काय होतं? एकच खोट होती. एखादी गोष्ट सुंदर वाटली की तिला ती सोडवायची नाही. एडिटिंगला बसली की म्हणायची, "हे ठेवायचंच, नील्या." मी नको म्हटलं की भांडायची. बहुतेक वेळा तिचंच बरोबर निघायचं. म्हणून मी नको म्हणणं कमी केलं.

लताबाईची ओळख आता करून द्यायला हवी. विजयाकाकू आठ वर्षांपूर्वी न्हाणीघरात पडल्या, खुब्याचं हाड मोडलं, आणि तेव्हापासून त्यांचं जग म्हणजे स्वयंपाकघराला लागून असलेली खोली, तीतली खाट आणि चाकाची खुर्ची. लताबाई त्याच्याही पाच वर्षं आधीपासून त्या घरी पोळ्या करत होती. बूढ़ापाऱ्यातल्या एकूण सहा मराठी घरी तिचं काम होतं. बारीक अंगाची, पन्नाशीची बाई, डोक्यावरचा पदर कधी ढळायचा नाही. इतक्या वर्षांत कणिक, कालवण, फोडणी असे आमचे शब्द तिच्या छत्तीसगढीत मिसळले होते. राहायला भनपुरीकडे कुठेतरी. कुठे, ते अकरा वर्षांत कुणी विचारलं नव्हतं. नाव लता साहू. एवढं पुरेसं होतं.

तिची एक सवय होती. प्रत्येक पोळी लाटायला घेण्याआधी लाटण्याला चिकटलेलं पीठ झाडायला ती ते पोळपाटाच्या कडेवर आपटायची. एकदा, मग जरा थांबून लागोपाठ दोनदा. टक. टकटक. पुढची पोळी, पुन्हा टक, टकटक. काकूंना खाटेवरून स्वयंपाकघर दिसत नसे, पण ही टकटक ऐकू येई. "माझं घड्याळ आहे ते," त्या म्हणायच्या. टकटक थांबली की जेवण झालं समजायचं. मीसुद्धा त्या घरी कितीतरी वेळा तो आवाज ऐकत जेवलो आहे. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

चार वर्षांपूर्वी अनुश्रीने देवार लोकांवर काम सुरू केलं. देवार म्हणजे गाणारे, नाचणारे, बायांच्या अंगावर गोदना गोंदणारे लोक. गावोगाव फिरायचे, डुकरं पाळायचे. आता गाणं ऐकायला कुणी नाही आणि गोदना गोंदवून घ्यायला कुणी नाही. बरेचजण शहराच्या कडेला भंगार वेचतात. लोक त्यांना दारात उभं करत नाहीत, आणि हे मी मवाळ शब्दांत सांगतो आहे. भनपुरीला ट्रान्सपोर्टवाल्यांच्या यार्डामागे त्यांचा एक डेरा होता. कामाच्या तिसऱ्या आठवड्यात आम्ही तिथे पोचलो आणि मी पहिल्यांदा रेकॉर्डर बाहेर काढला. मी कुठल्याही जागी आधी एक मिनिट नुसता त्या जागेचा आवाज भरून घेतो. कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही. एडिटिंगमध्ये दोन वाक्यांच्या फटीत तो लागतो. तर कानाला हेडफोन लावून मी उभा होतो, ट्रकांची घरघर, कोंबड्या, कुठेतरी रेडिओ, आणि त्यात ऐकू आलं: टक. टकटक.

मी मान वर केली. अनुश्रीनेही केली, कारण ते तिला हेडफोनशिवाय ऐकू आलं होतं. समोरच्या झोपडीच्या दारात चुलीपाशी लताबाई बसली होती. तिने आम्हाला पाहिलं आणि लाटणं हातातच राहिलं.

ती उठून आली, अनुश्रीचे दोन्ही हात धरले आणि म्हणाली, "घर म झन बताहू दीदी. मोर काम छूट जाही." घरी सांगू नका, माझं काम जाईल.

"नाही सांगणार. कुणालेच नाही," अनुश्री म्हणाली. आणि खरंच सांगितलं नाही. आईलाही नाही. दुसऱ्या दिवशी लताबाई पोळ्या करायला आली तेव्हा दोघी रोजच्यासारख्याच वागल्या. इथवर अनुश्रीकडे कुणी बोट दाखवू शकत नाही.

पण आम्ही डेऱ्यावर जातच राहिलो. लताबाईच्या झोपडीत चहा व्हायचा. हळूहळू ती बोलू लागली. तिचं खरं नाव फिरंतिन. आईवडील फिरतीवर असताना जन्मली म्हणून फिरंतिन. लग्नानंतर नवरा लवकर गेला. पहिल्या घरी काम मागायला गेली तेव्हा बाईंनी विचारलं, "तुम्ही कोण लोक?" तिने तोंडात आलं ते सांगितलं, साहू, म्हणजे इकडचे तेली. नाव सांगितलं लता. मग ते नाव घरोघर गेलं. दर सणाला जीव मुठीत धरून ती त्या घरांत वावरली. एकदा एका घरी पुरणपोळ्या करताना गप्पा निघाल्या होत्या, देवारांच्या बायांनी हात लावलेलं पाणी कसं प्यायचं नाही याच्या. ती ऐकत होती, लाटत होती, आणि त्या बाया तिच्याच हातची पोळी तूप लावून खात होत्या.

आणि ती टकटक? "मोर ददा मांदर बजावय," ती म्हणाली. वडील मांदर, म्हणजे आपल्या मृदंगासारखं वाद्य, वाजवायचे, त्यांच्या एका गाण्याचा हा ठेका. गाणं तिने सोडलं, गोदना सोडला, नाव सोडलं. हातात एवढंच राहिलं. पीठ झाडायचं निमित्त.

हे ऐकलं आणि अनुश्रीचे डोळे भरून आले. माझेही आले, उगाच खोटं कशाला बोलू. पण मी तिला चांगलं ओळखतो. त्या क्षणी मला कळलं की आता ही हे सोडणार नाही.

तिने विचारलं, कॅमेऱ्यासमोर बोलशील का? लताबाई नाही म्हणाली. महिन्याने पुन्हा विचारलं, पुन्हा नाही. तिसऱ्यांदा लताबाईनेच विषय काढला. आपली गोष्ट कुणी कधी विचारली नाही, म्हणाली, मरण्याआधी एकदा सांगून टाकते. अट एकच: "जिहां काम करथंव, उहां झन देखाहू." मी काम करते तिथे दाखवू नका. अनुश्रीने शब्द दिला. चेहरा अंधारात ठेवायचा, आवाज बदलायचा. तो होकार खरा होता. तिच्या झोपडीत, तिच्या चुलीपाशी, तिच्या अटीवर दिलेला.

एडिटिंग माझ्या घरी झालं. मी तिचा आवाज दोन पट्ट्या खाली उतरवला, कडा घासल्या. तिच्या पोटच्या पोरानेही ओळखला नसता. चेहऱ्याच्या जागी नुसती काळी आकृती. आणि अनुश्रीने फिल्मची सुरुवात केली ती अशी: पडदा पूर्ण काळा, काही दिसत नाही, फक्त टक. टकटक. टक. टकटक. मग हळूच तो खाली गेलेला आवाज, "मोर ददा मांदर बजावय."

फार सुंदर होतं ते. आम्ही चार वेळा पाहिलं.

चौथ्यांदा पाहून झाल्यावर अनुश्रीने फिल्म पुन्हा सुरुवातीला नेली. मग म्हणाली, "नील्या, या टकटकीवरून कोणी ओळखणार तर नाही ना? काढून टाकू का?"

तिने विचारलं होतं, हे मला सांगायचं आहे. तिच्या मनात आलं होतं. आणि मी काय म्हणालो? "अबे, लाटण्याचा आवाज कोण ओळखते? आन हा तिच्या झोपडीतला पोळपाट आहे. तुमच्या घरचा शिसवी, हा आंब्याच्या फळीचा. लाकूड वेगळं, आवाज वेगळा. एक्स्पर्ट मी आहो की तू?"

उचलली जीभ लावली टाळ्याला. आयुष्यात एक पोळी लाटली नाही त्या माणसाचं हे मत. लाकूड वेगळं होतं हे खरं, पण ठेका लाकडात नसतो, हातात असतो, हे मला कळायला हवं होतं. डेऱ्यावर पहिल्या दिवशी मी स्वतः मान वर केली होती ती कशामुळे? मला टकटक ठेवायची होती, म्हणून मी ते विसरलो. आणि अनुश्रीला ती ठेवायची होती, म्हणून तिने माझं ऐकलं.

फिल्म दिल्लीला गेली, बेंगळुरूला गेली, कोचीला बक्षीस मिळालं. वर्तमानपत्रात अनुश्रीचा फोटो आला. आमचा बूढ़ापारा एकदम जागा झाला. कालपर्यंत नाकं मुरडणारे आता "आपली अनुश्री" म्हणू लागले. गणपतीच्या कार्यक्रमासाठी मराठी मंडळाच्या शारदाताई घरी आल्या. लताबाई त्यांच्याकडेही पोळ्या करायची. यंदा ऑर्केस्ट्रा नको, अनुश्रीची फिल्म दाखवू, म्हणाल्या.

तिने तिथल्या तिथे नाही म्हणायला हवं होतं. शब्द दिलेला होता. पण तिच्या मनाने वेगळीच उचल खाल्ली. मला म्हणाली, "दिल्लीच्या लोकायले दाखवून काय होते? ते आधीच माना हलवतात. ज्यायले दाखवायले पाहिजे ते इथे बसून आहेत. पुरणपोळ्या खाणारे."

"आणि लताबाईले काय सांगशील?"

"विचारते ना तिले. तिने नाही म्हटलं तर नाही."

तिने विचारलं. कुठे? स्वयंपाकघरात. काकूंच्या स्वयंपाकघरात, सकाळी, लताबाई कणिक मळत असताना. मी चहा घेत दाराशी उभा होतो. अनुश्री म्हणाली, कुणी ओळखणार नाही, नीलेशने सगळं बदललंय, पण तुला नको असेल तर नको. लताबाईने आधी तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आतून काकूंनी विचारलं, "लता, भाजी झाली का गं?" लताबाई म्हणाली, "हव आई." मग अनुश्रीला म्हणाली, "हव दीदी. तुमन जानव." हो, तुम्हीच जाणता.

ज्या घरी आपण रोज काम करतो त्या घरची मुलगी विचारते आहे, घरात उभी राहून. नाही कशी म्हणणार? तिचा हात आमच्या दगडाखाली होता. आम्हाला तो दगड दिसलाच नाही, कारण त्यावर आम्हीच बसलो होतो. अनुश्री बाहेर आली आणि मला म्हणाली, "हो म्हणाली." तिचा चेहरा उजळला होता. मलाही बरं वाटलं.

कार्यक्रम आरतीनंतर संध्याकाळी सातला होता. हॉल भरला होता. मी मागे मिक्सरवर, शेजारी अनुश्री लॅपटॉपपाशी. पहिल्या रांगेच्या कडेला काकूंची चाकाची खुर्ची होती. किती महिन्यांनी घराबाहेर पडल्या होत्या, मोतिया रंगाची साडी, केसांत गजरा. त्यांना खुर्चीवरून कोण आणणार? लताबाईने आणलं. ती खुर्चीच्या मागे उभी होती, दोन्ही हात मुठीवर.

दिवे गेले. पडदा काळा. टक. टकटक.

काकूंनी तिसरी टकटकही होऊ दिली नाही. त्यांनी मान मागे वळवली, हात वर करून लताबाईचा हात धरला आणि साऱ्या हॉलला ऐकू जाईल अशा आनंदाने म्हणाल्या, "अगंबाई लता! ही तर तू! ही तुझीच टकटक!"

सहा वर्षं ज्या बाईने खाटेवर पडून फक्त कानांनी घर पाहिलं, तिला आम्ही फसवायला निघालो होतो. पाच-सहा बायका हसल्या. "हो की, लताबाईच!" कुणीतरी टाळीही वाजवली. सगळ्यांना वाटलं, अनुश्रीने फिल्ममध्ये आपल्या लताबाईचं लाटणं वापरलंय, काय गंमत. मग तो आवाज सुरू झाला. मी देवार आहे, तो म्हणाला.

हॉलमधलं हसू कसं थांबलं ते मी ऐकलं. आवाज ऐकणं हेच माझं काम आहे. आधी पुढचे गप्प झाले, मग मधले, मग एक खुर्ची करकरली. माना मागे वळल्या, एकेक करून, पडद्याकडून लताबाईकडे. फिल्म चाळीस मिनिटांची आहे.

आम्ही ती बंद केली नाही. लॅपटॉपचं बटण अनुश्रीच्या हाताशी होतं, आवाजाचा खटका माझ्या बोटाखाली होता. तिने माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे. बंद केली तर कबुली दिल्यासारखं होईल, असा काहीतरी विचार माझ्या डोक्यात आला. तिच्याही आला असेल. नंतर आम्ही त्यावर कधी बोललो नाही. पण मी स्वतःशी बोललो आहे, आणि खरं उत्तर एवढंच आहे की मी घाबरलो होतो. चाळीस मिनिटं ती बाई स्वतःचं आयुष्य दुसऱ्याच्या आवाजात ऐकत उभी राहिली. खुर्चीची मूठ तिने सोडली नाही, आणि काकूंनी तिचा हात सोडला नाही. काकूंना काय झालंय ते कळत होतं की नाही, मला अंधारात दिसलं नाही.

दिवे आल्यावर लोक उठले. लताबाईने खुर्ची फिरवली, काकूंना घरी नेलं, गजरा काढून वाटीत ठेवला, उशी नीट केली, पायांवर चादर घातली आणि गेली. दुसऱ्या दिवशी ती आली नाही.

आमच्याकडे जात कुणी मानत नाही. हे मी उपहासाने म्हणत नाही, सगळ्यांनी मला तसं सांगितलं. त्यानंतरच्या आठ दिवसांत तिच्या सहापैकी पाच घरांतून निरोप गेले. एकीला डॉक्टरांनी हातांना व्यायाम सांगितला होता, म्हणून ती आता स्वतः पोळ्या लाटणार होती. दुसरीकडे सगळ्यांनी एकदम ज्वारीची भाकरी सुरू केली. तिसऱ्या घरच्या अपर्णाताईंनी नवीन पोळपाट-लाटणं आणलं. जुन्याला म्हणे कीड लागली होती. सागवानाला एका आठवड्यात कीड!

अनुश्री पेटली. घरोघर गेली, भांडली. मी बरोबर होतो. शारदाताईंनी आम्हाला बसवलं, पाणी दिलं आणि म्हणाल्या, "हे बघ, देवार असो की कोणी असो, आम्हाले काय? पण खोटं बोलली ना ती. अकरा वर्षं."

"खरं सांगितलं असतं तर ठेवलं असतं तुम्ही?" अनुश्रीने विचारलं.

शारदाताईंनी रिकामे पेले उचलले. मग म्हणाल्या, "नसतं ठेवलं. तिले ते माहीत होतं, म्हणून बिचारी गप्प होती. मले सांग, ते तुले माहीत नव्हतं का? मग काहून आणलं तू तिले आमच्यासमोर?"

नाकाने कांदे सोलणाऱ्या बाईच्या तोंडून इतकं खरं वाक्य निघेल असं मला वाटलं नव्हतं. अनुश्री उठली. अर्ध्या जिन्यावर ती खाली बसली. "माहीत होतं नील्या," ती म्हणाली. "मले सगळं माहीत होतं. म्हणूनच तर फिल्म चांगली झाली."

तिने फिल्म सगळीकडून काढून घेतली. पत्रं लिहिली, बक्षीस परत पाठवलं. वरातीमागून घोडं. डेऱ्यावर गेलो तर झोपडी रिकामी होती. शेजारी कुणी नीट सांगेना. पूर्वी हेच लोक आम्हाला चहा द्यायचे.

काकूंची अवस्था बघवत नव्हती. "माझ्या कानांना आग लागो," त्या म्हणायच्या. "आनंद झाला म्हणून बोलले गं. इतक्या लोकांत आपलं माणूस दिसलं म्हणून." अनुश्री त्यांना म्हणायची, "आई, तू तिले ओळखलंस. आम्ही तिले वापरलं." आणि पोळ्या करायला जायची. एका बाजूला करपलेल्या, एका बाजूला कच्च्या. काकू मुकाट्याने खायच्या आणि रोज एकदा विचारायच्या, "लताचा काही पत्ता?"

आणि मी? अनुश्रीने मला आजवर एकदाही म्हटलं नाही की, तूच म्हणाला होतास, कोण ओळखते. एकदा तरी म्हणावं असं मला फार वाटतं. ती म्हणत नाही, आणि मी तो विषय काढत नाही. कॅमेरा तिने कपाटात ठेवला. मी लग्नांत माईक लावत राहिलो. गेल्या मार्चपर्यंत असंच चाललं.

मार्चमध्ये उरल्याला एका कारखान्याच्या पूजेत मला माईक लावायचा होता. शेजारच्या गल्लीत पाळी सुटलेल्या कामगारांची खानावळ आहे, पत्र्याचं छप्पर, लांब बाकडी. दुपारी जेवायला गेलो तर आतल्या भट्टीपाशी, पाठ करून, डोक्यावरचा पदर न ढळू देता लताबाई पोळ्या लाटत होती. मी न जेवता बाहेर आलो आणि अनुश्रीला फोन केला.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं गेलो. अनुश्रीने काकूंनी दिलेली एक साडी पिशवीत आणली होती. बाकड्यावर बसलो. मालक आत ओरडला, "गोदावरी! दो थाली!"

अनुश्रीने माझ्याकडे पाहिलं. गोदावरी. म्हणजे हे तिसरं नाव. आपण तिला कुठल्याही नावाने हाक मारायची नाही, हे आम्हाला न बोलता कळलं. एवढी अक्कल तोवर आली होती.

थाळ्या घेऊन ती स्वतः आली. आम्हाला पाहून थबकली नाही. म्हणजे कालच तिने मला पाहिलं असणार. थाळ्या ठेवल्या. अनुश्री अगदी हळू म्हणाली, "आई रोज विचारते." लताबाईचे ओठ हलले, मग म्हणाली, "गोड़ दुखथे का अभी भी?" पाय दुखतो का अजून? अनुश्रीने मान हलवली आणि तिला रडू फुटलं. शेजारच्या बाकड्यावरचे दोघे कामगार बघू लागले, तसं तिने तोंड पुसलं आणि म्हणाली, "मले माफ कर. मी फार मोठी चूक केली. मले माफ कर."

लताबाईने एकदा मालकाकडे पाहिलं, मग खाली वाकून थाळीतली वाटी सरळ केली. तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

"माफी का बर मांगथव दीदी," ती म्हणाली. माफी कशाला मागता. "तुमन पूछे रहेव. मैं हव कहे रहेंव." तुम्ही विचारलं होतं. मी हो म्हटलं होतं.

आणि ती आत गेली.

अनुश्री थाळीकडे बघत बसली. मी भट्टीकडे कान लावला, सवयीने. बाहेर ट्रक उभे होते, त्यांची घरघर. रोलिंग मिलचा धबधब आवाज. कुणाचा तरी मोबाईल. भांडी. लताबाईने गोळा घेतला, पिठात घोळवला, लाटला, तव्यावर टाकला. मग लाटणं उचललं, पीठ झाडायला पोळपाटाच्या कडेशी नेलं, आणि तिथे थांबली. दुसऱ्या हाताने पदराचं टोक घेतलं आणि लाटणं पुसलं, आवाज न होऊ देता. पुढचा गोळा घेतला. पुन्हा पुसलं. आम्ही उठेपर्यंत तिने तीस-चाळीस पोळ्या केल्या, आणि दरवेळी पुसलं.

साडीची पिशवी आम्ही बाकड्यावरच ठेवून निघालो. घरी काकू खुर्चीत बसून वाटच बघत होत्या. आम्ही आत शिरताच त्यांनी विचारलं, "भेटली का? पोळ्याच करते ना अजून? तिची टकटक ऐकलीस का रे नीलेश?"

अनुश्री चपला काढत दारातच थांबली. काकूंनी मला विचारलं होतं.

"ऐकली," मी म्हणालो. काकू हसल्या, आणि अनुश्री स्वयंपाकघरात जाऊन कणिक मळू लागली.